आर्थर राजाच्या गोष्टी मुलांना सांगताना काय ठेवायचं, काय गाळायचं?

पिंपळपान

मंडळी, एका प्रश्नावर तुमची मतं हवी आहेत.

इंग्लंडच्या दक्षिणेला हॅम्पशरमध्ये आम्ही काही पालक मिळून शनिवारचा मराठी वर्ग चालवतो. मुलं सात ते अकरा वर्षांची. शेवटचा अर्धा तास गोष्टीचा, आणि तो माझ्याकडे आहे. रामायण, महाभारत, शिवराय, बिरबल असं करत करत यंदा मुलांनीच आर्थर राजा मागितला. विंचेस्टर जवळच आहे, त्यामुळे तिथल्या ग्रेट हॉलच्या भिंतीवर टांगलेलं गोलमेज बहुतेकांनी शाळेच्या सहलीत पाहिलेलं. ते मेज काही आर्थरच्या काळातलं नाही. लाकूड तेराव्या शतकाच्या अखेरचं आणि रंगकाम आठव्या हेन्रीने करून घेतलेलं. पण साडेपाच मीटर व्यासाचं मेज आणि कडेने चोवीस सरदारांची नावं, हे पाहून आलेल्या मुलांच्या डोक्यात प्रश्नच प्रश्न असतात.

तलवारीची गोष्ट सांगण्याआधी मी मॅलरी पुन्हा वाचायला घेतला. सर थॉमस मॅलरीने कैदेत असताना या सगळ्या कथा इंग्रजीत एकत्र आणल्या, १४७० च्या सुमारास पुऱ्या केल्या आणि विल्यम कॅक्स्टनने १४८५ मध्ये त्या छापल्या. मुलांच्या पुस्तकांत आज जे येतं त्यातलं बरंचसं तिथूनच आलेलं आहे. वाचताना जाणवलं की चित्रांची पुस्तकं ज्या पानावर थांबतात, त्याच्या पुढच्याच पानावर मॅलरीत खरा जीव आहे.

तलवार दगडावरच्या ऐरणीत रुतलेली आहे, आणि जो ती उपसेल तोच राजा. आर्थर ती उपसतो ते थोरल्या भावासाठी, कारण झुंजीच्या सामन्याला निघालेला केय आपली तलवार घरी विसरलाय. ही तलवार हाती येताच केय बापाला सांगतो, बघा, मीच राजा. बाप, सर एक्टर, मुलाला ओळखून आहे. तो त्याला चर्चमध्ये नेऊन शपथेवर खरं बोलायला लावतो. मग आर्थर त्या दोघांसमोर तलवार पुन्हा उपसतो, आणि एक्टर व केय दोघंही त्याच्यापुढे गुडघे टेकतात. इथे बहुतेक पुस्तकं टाळ्या वाजवून संपतात. मॅलरीचा आर्थर मात्र घाबरतो. बाबा, तुम्ही माझ्यापुढे का वाकता, असं विचारतो. एक्टर सांगतो, मी तुझा बाप नाही, हा तुझा भाऊ नाही, तान्हेपणी तुला माझ्याकडे आणून दिलं होतं. आर्थर रडतो. राज्य मिळालं त्याच घटकेला घर गेलं.

मी हे सगळं सांगितलं. मुलं रंगली होती. आणि लगेच पुढचा प्रश्न आला: मग त्याचे खरे बाबा कोण?

माझी अडचण इथे सुरू होते. खरा बाप राजा उथर. त्याने जादूगार मर्लिनच्या जादूने इग्रेनच्या नवऱ्याचं रूप घेतलं, टिंटाजेलच्या किल्ल्यात शिरला आणि तिला फसवलं. पुढे आर्थरच्या हातून नकळत स्वतःच्या सावत्र बहिणीपासून मॉर्ड्रेड जन्मतो. मे महिन्याच्या पहिल्या दिवशी जन्मलेलं मूल तुझा नाश करील, असं मर्लिन सांगतो. तेव्हा आर्थर त्या दिवशी जन्मलेली सरदारघराण्यांतली सगळी मुलं गोळा करून जहाजात घालून समुद्रात सोडायला लावतो. जहाज फुटतं. मॉर्ड्रेड तेवढा वाचतो.

वर्गातल्या एका पालकांनी आधीच बजावलंय की तलवार, मर्लिन आणि पवित्र पात्राचा (होली ग्रेलचा) शोध एवढंच सांगा, बाकीचं कशाला? मला ते पटत नाही. मॉर्ड्रेड जर आयत्या वेळी कुठूनतरी उगवलेला दुष्ट माणूस असेल, तर ते राज्य का बुडालं हे मुलाला कधीच कळणार नाही. मॅलरीत बुडण्याचं कारण घरातच आहे, राजाच्या स्वतःच्या कृत्यात आहे. ते काढलं तर उरतं ते नुसतं चिलखतांचं प्रदर्शन.

तुम्ही असता तर कसं सांगितलं असतं?

मावशी_ठाण्याची

छान विषय काढलास. बालवाडी आणि वाचनालय या दोन्ही ठिकाणी आयुष्य गेलं, म्हणून हक्काने लिहिते.

उथरचं अवघड वाटून घेऊ नकोस. आपण मुलांना अहल्येची गोष्ट सांगतोच ना? इंद्र गौतम ऋषींचं रूप घेऊन आला आणि त्याने तिला फसवलं, इतकंच सांगतो. मुलाला ‘फसवलं’ हा शब्द पुरतो, कारण त्यातला अन्याय त्याला नेमका कळतो. बाकीचं वय वाढेल तसं आपोआप भरत जातं. फक्त एक पाहा, उथरचं कौतुक होता कामा नये. राजाला राणी आवडली म्हणून त्याने युक्ती केली, असं सांगणारी पुस्तकं मी पाहिली आहेत. त्यापेक्षा न सांगितलेलं बरं.

पण त्या जहाजाचं मी सांगणार नाही. कंसाने देवकीची बाळं मारली हे आपण सांगतो, पण तिथे मारणारा कंस आहे. इथे ज्याच्यावर मुलांनी जीव लावलाय तोच हे करतो. सात वर्षांचं मूल ते घेऊन झोपायला जाणार.

गडवाट

मराठी वर्गात आर्थर राजा कशासाठी? आपल्याकडे गोष्टींची वाण आहे का?

पिंपळपान

@गडवाट, वाण अजिबात नाही. पण ही मुलं जिथे वाढतायत तिथल्या मातीतली ही गोष्ट आहे आणि त्यांना ती आपल्या आईच्या भाषेत ऐकायची आहे. शाळेतलं जग इंग्रजीत आणि घरातलं मराठीत असे दोन कप्पे पडले की मराठी हळूहळू फक्त जेवणाखाणाची भाषा होते. आर्थरवर मराठीत भांडणारं मूल मला हवंय.

@मावशी, अहल्येचं अगदी पटलं. तसंच करते. जहाजाचं अजून मनात घोळतंय.

जुनी_वही

धाग्याला थोडी इतिहासाची जोड देतो, कारण ‘काय गाळायचं’ हा प्रश्न या कथांना फार पूर्वीपासून चिकटलेला आहे.

पहिल्या एलिझाबेथ राणीचे शिक्षक रॉजर अ‍ॅस्कम यांनी शिक्षणावर पुस्तक लिहिलं. ते त्यांच्या मृत्यूनंतर १५७० मध्ये छापलं गेलं. त्यात त्यांनी आर्थरकथांवर तोफ डागली आहे: यात आहे काय, तर खून आणि व्यभिचार, आणि जे हे जास्त करतात तेच थोर सरदार! पिंपळपान यांच्या वर्गातल्या पालकांचं म्हणणं साडेचारशे वर्षं जुनं आहे.

पुढे १८८० मध्ये अमेरिकेत सिडनी लॅनियर यांनी मुलांसाठी म्हणून मॅलरीची काटछाट केलेली आवृत्ती काढली. भाषा बरीचशी मॅलरीचीच ठेवली, पण कात्री भरपूर चालवली. हॉवर्ड पाइल यांनी १९०३ पासून स्वतःच्या शब्दांत आणि स्वतःच्या चित्रांसह चार खंड केले. १९५३ मध्ये रॉजर लॅन्सलिन ग्रीन यांचं पुस्तक आलं. त्यांनी सुट्या साहसांचा ढीग न करता सगळ्या गोष्टी एका सूत्रात ओवल्या, राज्य उभं राहिल्यापासून मोडेपर्यंत. मला ते सर्वांत प्रामाणिक वाटतं.

मॅलरी तरी मूळ कुठे आहे? मॉनमथच्या जेफ्रीने ११३० च्या दशकात लॅटिनमध्ये ब्रिटनच्या राजांचा इतिहास म्हणून जे लिहिलं त्यात गोलमेज नाही. ते ११५५ मध्ये वास या नॉर्मन कवीकडे प्रथम दिसतं. आर्थरचा सरदार लान्सलॉट आणि आर्थरची राणी यांचं प्रेम त्यानंतर फ्रेंच कवी क्रेतियें द त्र्वाने आणलं. प्रत्येकाने भर घातली आणि प्रत्येकाने गाळलं. तेव्हा आपल्यालाही तो अधिकार आहेच.

आणि एक वाट सुचवतो. जेफ्रीच्या ग्रंथात मॉर्ड्रेड आर्थरचा मुलगा नाही, फक्त भाचा आहे. राजा परदेशी लढाईवर गेलेला असताना तो राज्य बळकावतो. बहिणीपासून झालेला मुलगा हा भाग तेराव्या शतकातल्या फ्रेंच गद्यकथांमधून आला. लहान मुलांना भाच्याची गोष्ट सांगितली तर तुम्ही काही दडवलं असं होत नाही, कारण तीही तितकीच जुनी, किंबहुना अधिक जुनी परंपरा आहे.

पिंपळपान

@जुनी_वही, भाच्याचं डोक्यात आलं नव्हतं. धन्यवाद. पण मॉर्ड्रेड भाचा केला की जहाज जातं, आणि जहाज गेलं की आर्थर निर्दोष होतो. मला तो निर्दोष नकोय. गोलमेजाभोवतीची नावं वाचताना मुलांनी मला विचारलं होतं की आर्थरच्या एका बाजूला गॅलहॅडचं नाव आहे ते समजलं, पण दुसऱ्या बाजूला मॉर्ड्रेडचं का? सगळ्यांत पवित्र सरदार एका हाताला आणि राज्य बुडवणारा दुसऱ्या हाताला. मेज रंगवणाऱ्यांनी त्याचं नाव पुसलं नाही, मग मी तरी का पुसू?

तिसरा_प्रहर

इथे मला कळकळीने एक सांगायचंय. तुम्ही सगळे जन्म आणि पाप यांवर अडला आहात. मुलांना आधी गॅरेथ द्या.

एका सणाच्या दिवशी एक उंच, देखणा, अनोळखी पोरगा दरबारात येतो आणि राजाकडे तीन मागण्या मागतो. पहिली लगेच सांगतो: वर्षभर मला जेवूखाऊ घाला. बाकीच्या दोन वर्षाने सांगेन. केय (तोच तो, तलवारवाला थोरला भाऊ, आता राजवाड्याचा कारभारी) त्याची टर उडवतो. ज्याला फक्त खायचंच सुचतं तो कुठला सरदाराचा मुलगा, वर्षभरात डुकरासारखा फुगेल, म्हणतो. त्याच्या मोठ्या, गोऱ्या हातांवरून टोपणनाव ठेवतो आणि मुदपाकखान्यात पाठवतो. पोरगा वर्षभर भांडी-चुलींजवळ राबतो, नोकरांबरोबर झोपतो, कुणाला उलटून बोलत नाही. तो सर गवेनचा सख्खा धाकटा भाऊ आहे. गवेन रोज समोर असतो आणि ओळखत नाही.

वर्ष संपतं. लिनेट नावाची मुलगी मदत मागायला येते, तिच्या बहिणीला लाल मैदानातल्या लाल सरदाराने वेढलंय. गॅरेथ उरलेल्या दोन मागण्या सांगतो: ही कामगिरी मला द्या, आणि मला सर लान्सलॉटच्या हातून सरदारकी मिळू द्या. लिनेट संतापते. मी शूर सरदार मागितला आणि तुम्ही मला स्वयंपाक्या दिलात! वाटभर ती त्याला बोलते. लांब चाल, तुझ्या अंगाला मुदपाकखान्याचा वास येतोय. त्याने एकेक सरदार हरवला तरी तिचं बोलणं थांबत नाही: घोडा अडखळला म्हणून तू जिंकलास, नशिबाने जिंकलास, मागून वार केलास.

हे मराठीत सांगताना लिनेटच्या तोंडी एक पालुपद द्या आणि मुलांकडून म्हणवून घ्या. मी ‘हट् मेल्या, भांडी घास!’ हे दिलं होतं. काळा सरदार, हिरवा सरदार, लाल सरदार, निळा सरदार, दर वेळी मुलं एका सुरात ओरडतात. आणि मग लिनेट गप्प होते आणि म्हणते, मी इतकं बोलले आणि तू एकदाही उलट बोलला नाहीस, तू नक्की कुणीतरी थोर घरचा आहेस. तिथे मुलांचं पालुपदही आपसूक थांबतं, मी न सांगता.

शेवटचा लाल सरदार खरा भयंकर. त्याने हरवलेले चाळीसेक सरदार झाडांना लटकलेले आहेत. जवळच हस्तिदंताचं शिंग टांगलंय, ते फुंकलं की तो लढायला येतो. लिनेट बजावते की दुपारपर्यंत त्याचं बळ वाढत जाऊन सात माणसांइतकं होतं, तेव्हा दुपार टळू दे, मग फुंक. गॅरेथ म्हणतो, त्याचं बळ पूर्ण असताना लढलो नाही तर मला लाज वाटेल. आणि फुंकतो.

आता हे का आधी द्यायचं ते सांगतो. पुढे लान्सलॉटवरच्या प्रेमापायी राणीला जाळण्याची शिक्षा होते. राजा गॅरेथला आणि त्याच्या भावाला पहाऱ्यावर जायला सांगतो. हुकूम मोडता येत नाही, पण आम्ही शस्त्र धरणार नाही, असं सांगून ते निःशस्त्र उभे राहतात. लान्सलॉट राणीला सोडवायला गर्दीत घुसतो आणि त्या धुमश्चक्रीत न ओळखता गॅरेथला मारतो. ज्याने स्वतःच्या हाताने त्याला सरदारकी दिली होती, आणि ज्याच्यावर गॅरेथचं सगळ्यांत जास्त प्रेम होतं, त्याच्याच हातून. मग गवेन सूड मागतो, आर्थरला लान्सलॉटवर चालून जावं लागतं, मागे मॉर्ड्रेड राज्य घेतो.

मुदपाकखान्यातल्या गॅरेथसाठी ओरडलेल्या मुलाला हे कळतं. राज्य का मोडलं हे त्याला कुणी समजावून सांगावं लागत नाही. ज्या मुलाला गॅरेथ माहीत नाही, त्याला शेवटची लढाई म्हणजे नुसती मारामारी.

निळी_शाई

तिसरा_प्रहर, वाचताना काटा आला. पालुपदाची युक्ती उचलतेय.

माझा मुद्दा मुलींचा. या गोष्टींत बायका बहुतेक वेळा सुटका होण्यासाठी किंवा भांडण लावण्यासाठीच असतात. माझ्या मुलीने एकदा विचारलं की यात मी कोण? तेव्हा मी तिला रॅग्नेलची गोष्ट सांगितली. पंधराव्या शतकातलं इंग्रजी काव्य आहे ते. आर्थर एका सरदाराच्या तावडीत सापडतो आणि सुटायची अट अशी की वर्षभरात उत्तर आण, बायकांना सगळ्यांत जास्त काय हवं असतं? आर्थर आणि गवेन गावोगाव विचारत फिरतात, वह्या भरतात. कुणी म्हणतं दागिने, कुणी म्हणतं स्तुती. शेवटी कमालीची कुरूप रॅग्नेल म्हणते, उत्तर मी सांगते, पण गवेनने माझ्याशी लग्न करायचं. उत्तर हे की स्वतःच्या आयुष्याचा निर्णय स्वतःच्या हातात असणं. गवेन राजासाठी लग्न करतो. रात्री ती सुंदर होते आणि विचारते, मी दिवसा सुंदर असू की रात्री? दोन्ही वेळा जमणार नाही. गवेन म्हणतो, तूच ठरव. आणि तिच्यावरचा शाप सुटतो, कारण प्रश्नाचं उत्तर त्याने नुसतं पाठ केलं नव्हतं, पाळलं.

माझ्या मुलीने ही गोष्ट मला परत परत सांगायला लावली. यात गाळण्यासारखं काहीच नाही, उलट मुलग्यांनाही आवर्जून सांगावी अशी आहे. आणि चॉसरच्या ‘कँटरबरी टेल्स’मध्ये बाथच्या बाईच्या तोंडी हीच कथा येते, पण तिथला सरदार बलात्कारी आहे आणि शिक्षा म्हणून त्याला हा प्रश्न घातलाय. मोठ्या मुलांसाठी ते रूप अधिक कठोर आणि अधिक न्यायाचं वाटतं मला.

लान्सलॉट-राणीबद्दल: हे प्रेम लपवू नये, पण त्याचा गोडवाही करू नये. मुंबईच्या एशियाटिक सोसायटीत दान्तेच्या महाकाव्याचं जुनं हस्तलिखित जपून ठेवलंय. त्या काव्यात पाओलो आणि फ्रान्चेस्का लान्सलॉटची कथा एकत्र वाचता वाचता प्रेमात पडतात आणि नरकात पोहोचतात. म्हणजे मध्ययुगातही या गोष्टी वाचणाऱ्याचं काय होईल याची काळजी होतीच. मुलांना मी इतकंच सांगते: तिघांचं एकमेकांवर प्रेम होतं, आणि तिघांनाही ते नीट सांभाळता आलं नाही. दहा वर्षांच्या मुलाला हे पुरतं. त्याच्या वर्गात मैत्री तुटताना त्याने ते पाहिलेलं असतं.

कोचीकर

नोकरीनिमित्त कोचीत राहतो, म्हणून वेगळी बाजू मांडतो.

इथल्या किनाऱ्यावरच्या ख्रिस्ती समाजात चविट्टु नाटकम नावाचा नाट्यप्रकार आहे. लाकडी रंगमंचावर जोरजोरात पाय आपटत नाचायचं, अंगावर युरोपी राजांसारखे झगमगते पोशाख, मुकुट, तलवारी. त्यांचं गाजलेलं नाटक आहे ‘कारलमान’, म्हणजे शार्लमेन राजा आणि त्याचे बारा वीर. त्यांतला रोलांही येतो. फ्रान्समधली वीरकथा पोर्तुगीज काळात इथे आली आणि कोळ्या-सुतारांच्या पायांनी तिला स्वतःचा ठेका दिला. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मी थक्क झालो. पिंपळपान, आर्थर मराठीत सांगताना अजिबात बिचकू नका. या कथा अशाच प्रवास करतात.

पण रोलांची गोष्ट सांगताना मी एका जागी अडतो. १५ ऑगस्ट ७७८ रोजी शार्लमेनचं सैन्य स्पेनहून परतताना पिरेनीज पर्वतातल्या रॉन्सव्होच्या खिंडीत पिछाडीवर हल्ला झाला आणि त्यात रोलां पडला. हल्ला केला होता डोंगरातल्या बास्क लोकांनी, आणि ते ख्रिस्ती होते. तीनशे वर्षांनी, धर्मयुद्धांच्या काळात, ‘रोलांचं गीत’ रचलं गेलं तोवर हल्लेखोर मुसलमान झाले होते, संख्या लाखांवर गेली होती आणि ‘ते चूक, आम्ही बरोबर’ असा घोष आला होता. माझ्या मुलाचे निम्मे मित्र मुसलमान आहेत. त्याला हे जसंच्या तसं सांगू?

मी दोन्ही सांगतो. आधी काव्यातली गोष्ट: ऑलिव्हर म्हणतो शिंग फुंक, राजा परत येईल, रोलां अभिमानाने नकार देतो, सगळे पडल्यावर फुंकतो, इतक्या जोराने की कानशिलं फुटतात. आणि मग सांगतो की खरं कुणी मारलं होतं, आणि नंतरच्या लोकांनी शत्रू का बदलला असेल. मुलाने स्वतःच उत्तर दिलं: कारण तेव्हा त्यांचं त्यांच्याशी भांडण चालू असणार. इतिहास कसा वाचायचा याचं याहून चांगलं शिक्षण मला देता आलं नसतं.

आर्थरच्या बाजूलाही पालोमिडीस आहे, विसरू नका. मॅलरीतला अरब सरदार, लान्सलॉट-ट्रिस्ट्रमच्या तोडीचा लढवय्या, मनाने हळवा. विंचेस्टरच्या मेजावर त्याचंही नाव आहे, त्याच्या भावाचंही.

मावशी_ठाण्याची

सगळ्यांचं वाचलं. गॅरेथ आणि रॅग्नेल मला मनापासून पटले.

पण जहाजावर मी ठाम आहे. तुम्ही सगळे गोष्टीच्या बाजूने बोलताय, मी ऐकणाऱ्याच्या बाजूने बोलते. वाचनालयात मी पाहिलंय, मुलं रक्ताला घाबरत नाहीत. राक्षसाचं डोकं उडवलं की टाळ्या पिटतात. ती घाबरतात ती घरचा माणूस उलटला की. विश्वासाचा राजा लहान मुलांना बुडवतो, हे ऐकून एखादं मूल रात्री आईला विचारील, बाबा असं करतील का? ते मूल वर्गात विचारणार नाही, म्हणून तुम्हाला कळणारही नाही. अकरा वर्षांच्यांना वेगळं बसवून सांगा. सातच्यांना भाच्याचं सांगा. दोन्ही खरंच आहे, असं जुनी_वही सांगतायतच.

जुनी_वही

+१. आणि ज्यांना भीतीही हवी आणि घरी निरोगी मनाने पाठवायचंही आहे, त्यांनी ‘सर गवेन आणि हिरवा सरदार’ घ्यावं. चौदाव्या शतकाच्या अखेरचं काव्य, एकुलतं एक हस्तलिखित. १७३१ मध्ये ज्या संग्रहाला आग लागली त्यातच ते होतं, पण वाचलं. हिरवा सरदार नाताळात दरबारात येतो, माझं डोकं उडवा आणि एका वर्षाने माझा घाव सोसायला या, म्हणतो. गवेन डोकं उडवतो, तो डोकं उचलून हातात घेऊन बोलतो आणि निघून जातो. सात वर्षांचं मूल याने खूश होतं.

खरं मर्म शेवटी आहे. गवेन शब्द पाळतो, वर्षाने मान पुढे करायला जातो, वाटेत एका गढीत पाहुणा राहतो. यजमानाशी ठरतं की दिवसभरात ज्याला जे मिळेल ते संध्याकाळी एकमेकांना द्यायचं. तिसऱ्या दिवशी यजमानाची बायको त्याला हिरवा कंबरपट्टा देते, जो बांधणाऱ्याला मरण येत नाही. गवेन तेवढा एक लपवतो. यजमान तोच हिरवा सरदार निघतो. दोन वार हुलकावणीचे, तिसऱ्याने मानेवर फक्त एक चीर, त्या लपवलेल्या पट्ट्यासाठी. जगावंसं वाटलं म्हणून लपवलंस, म्हणून मी तुला फारसा दोष देत नाही, असं तो म्हणतो. गवेन शरमेने तो पट्टा आयुष्यभर बांधायचं ठरवतो, आणि दरबारातले सगळे त्याच्या सोबतीने हिरवा पट्टा बांधतात. चुकलेल्याला वाळीत न टाकता त्याचीच खूण सगळ्यांनी अंगावर घ्यायची, हे मध्ययुगातल्या कवीला सुचलं याचं मला अजून नवल वाटतं.

पिंपळपान

शनिवार झाला, काय झालं ते सांगते.

मावशी, तुमचं ऐकून मी गट पाडले. लहानांना दुसऱ्या ताईने रॅग्नेल सांगितली. नऊच्या वरच्यांना मी जहाज सांगितलं, चार-पाच वाक्यांत, वर्णन न करता: मर्लिनने काय सांगितलं, आर्थरने काय हुकूम दिला, काय झालं, कोण वाचलं. मग थांबले.

पहिली प्रतिक्रिया राग. एक मुलगा म्हणाला, मर्लिनने सांगितलं म्हणून केलं ना, मग चूक मर्लिनची. दुसरी म्हणाली, माझ्या मैत्रिणीने सांगितलं म्हणून मी कुणाला ढकललं तर आई मलाच ओरडते. मी त्यांना सांगितलं की मॅलरीतही हेच झालं, बऱ्याच सरदारांनी राजापेक्षा मर्लिनलाच जास्त दोष दिला. त्यावर वर्गात जे भांडण पेटलं ते अर्ध्या तासात संपलं नाही, पालक न्यायला आले तरी चालू होतं, आणि सगळं मराठीत. एका मुलीने विचारलं, आर्थरने नंतर माफी मागितली का? मॅलरीत तो मागत नाही, हे मी खरं तेच सांगितलं. ती म्हणाली, म्हणूनच मॉर्ड्रेड परत आला.

ज्या पालकांचा विरोध होता त्यांचा मुलगा याच गटात होता. त्यांच्याशी मी आधी बोलले होते आणि तो बसेल असं त्यांनीच ठरवलं. अजून त्यांचं पूर्ण समाधान नाही, आणि ते मला मान्य आहे.

तिसरा_प्रहर

फार छान. शेवटच्या लढाईला पोहोचाल तेव्हा सापाला विसरू नका. आर्थर आणि मॉर्ड्रेड तह करायला समोरासमोर आलेत, दोन्ही सैन्यांना हुकूम आहे की तलवार उपसलेली दिसली तरच तुटून पडा. झुडपातून साप निघतो आणि एका सरदाराच्या पायाला डसतो. तो सापाला मारायला तलवार काढतो. दोन्ही सैन्यं पातं चमकलेलं पाहतात. पुस्तकांत हे एका ओळीत उरकतात. इथे रेंगाळा. मुलांना विचारा, त्या सरदाराने काय करायला हवं होतं? उत्तर नाही, आणि ते शोधताना ती खूप लांब जातात.

निळी_शाई

आणि बेडिव्हियर! मरणाऱ्या राजाने तलवार तळ्यात टाक म्हणून सांगितल्यावर तो दोनदा ती लपवून खोटं बोलतो, कारण इतकी सुंदर वस्तू फेकवत नाही. मुलांना तो लगेच आपला वाटतो.

पिंपळपान

साप आणि बेडिव्हियर दोन्ही टिपून घेतले. नाताळच्या सुट्टीआधी हिरवा सरदार सगळ्यांना एकत्र, नंतर गॅरेथ, आणि तो चांगले तीन-चार शनिवार पुरवणार आहे. शेवटची लढाई उन्हाळ्यापर्यंत काढणार नाही.

@तिसरा_प्रहर, काळ्यापासून निळ्यापर्यंतच्या सरदारांना मराठीत तुम्ही कसं उभं केलंत ते सविस्तर लिहाल का? चारही झुंजी सारख्याच वाटू नयेत याची मला चिंता आहे. आणि कुणी पालोमिडीस मुलांना सांगितला असेल तर त्यांनीही लिहा. आमच्या वर्गाशेजारच्या खोलीत त्याच वेळी अरबी वर्ग भरतो. त्यांच्या ताईंना विचारून तो दोन्ही वर्गांना मिळून सांगायचं मनात आहे.